डाळीच्या डब्यामागची वही

(मावशी कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवून निवृत्त झालेली, भाची सहा वर्षांपूर्वी लग्न झालेली. दोघी कल्पित, प्रश्न मात्र अनेक घरांतला.)

भाची : मावशी, मी नवऱ्याच्या नकळत एक वही लिहिते. तो काय बोलला, कधी बोलला. डाळीच्या डब्यामागे ठेवते. हा विश्वासघात आहे का?

मावशी : आधी वही कशाला लागली ते सांग.

भाची : ताईच्या डोहाळजेवणाला जायचं त्यानंच ठरवलं. साडी काढून ठेव म्हणाला. रविवारी तयार झाले तर म्हणतो, ‘असं मी कधी म्हणालो? तू मनानंच ठरवतेस आणि मला तोंडघशी पाडतेस.’ मीच माफी मागितली. वर चार दिवस अबोला. मग एकदम गजरा, आईस्क्रीम. आणि मित्रांसमोर हसत हसत, ‘आमच्या हिला हल्ली काही आठवत नाही.’ आता झोपण्याआधी मी गॅसचं बटण तीनतीनदा बघते.

मावशी : पॅट्रिक हॅमिल्टनचं ‘गॅस लाइट’ हे नाटक 1938 सालचं. नवरा चोरून वरच्या मजल्यावर दागिने शोधतो. तिथला दिवा लावला की खाली बायकोच्या खोलीतली ज्योत मंदावते. ती बोलली की तिलाच भास होतात असं ठरतं. 1944 च्या सिनेमात ही बाई इन्ग्रिड बर्गमननं केली, ऑस्करही मिळवलं. त्यात बाहेरचा एक माणूस येतो आणि म्हणतो, हो, ज्योत खाली गेली. तेवढ्यानं ती सावरते.

भाची : मला तसा बाहेरचा कोणी नाही. सगळ्यांना तो देवमाणूस वाटतो. म्हणून वही. पण दोरीला साप समजणारी मीच असेन तर?

मावशी : असशीलही. पण ते उजेड नेऊन बघायचं. अंधार ज्याच्या सोयीचा त्याला विचारून कसं कळणार? न्यायदर्शनातल्या नैयायिकांनी दुसऱ्याचा शब्द प्रमाण मानला, पण सांगणारा जाणता हवा आणि जसं आहे तसं सांगायची त्याची इच्छा हवी. तुझ्या नवऱ्यात ती इच्छाच दिसत नाही.

भाची : मोबाइलवर यादी वाचली, नार्सिसिस्ट नवरा कसा ओळखावा. सगळं जुळलं. फार बरं वाटलं, आणि लगेच भीती वाटली.

मावशी : ती भीती बरी. अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञांच्या सूचीत हे निदान 1980 साली आलं. आज नऊपैकी पाच लक्षणं लागतात, आणि ठरवायचं तज्ज्ञानं, माणूस समोर बसवून. मोबाइलवरच्या यादीत अर्धं गाव बसेल. शिवाय निदान झालं तरी तुझं गॅसचं बटण तसंच राहतं.

भाची : पण तो रडतो तेव्हा खरंच रडतो गं. लहानपणी वडिलांनी त्याचे काय हाल केले ते मला माहीत आहे. वहीत ते फारसं नाही, बहुतेक त्याची पापंच. म्हणजे तो माझं जे करतो तेच मी त्याचं करते. मला सोयीचा तेवढाच माणूस शिल्लक ठेवते.

(या सगळ्या बोलण्यात मला हाच प्रश्न खरा अवघड वाटतो. मावशीही थोडी अडखळली असावी. तिचं उत्तर तत्त्वज्ञानाचं कमी, हिशेबाच्या वहीचं जास्त आहे.)

मावशी : मग गजराही लिही. रडला, वडिलांबद्दल बोलला, सगळं तारखेनिशी. वही एकांगी असली तर ती विश्वासघातच.

भाची : थोडं लिहिलंय. मागच्या पानांवर.

मावशी : काढ. गजऱ्याच्या आदल्या दिवशी काय झालं होतं?

भाची : मी माहेरी जाते म्हणाले होते. ही दुसरी तारीख… नोकरीचा अर्ज भरला होता. इथे आईशी फोनवर तासभर बोलले होते.

मावशी : आणि तू गप्प राहून सोसलंस त्या आठवड्यात?

भाची : काहीच नाही. गजरा नाही, रडणं नाही.

मावशी : आजवर तुला हा नेम दिसत नव्हता. मानसशास्त्रज्ञ स्किनरच्या प्रयोगात दाणा कधी मिळेल याचा नेम नसला की कबुतरं चोच मारत राहायची, दाणा बंद झाल्यावरही कितीतरी वेळ.

भाची : म्हणजे रडणं खोटं?

मावशी : खरं असेल. खरं असूनही ते तुला थांबवायच्या कामी येतंय.

भाची : वही त्याला दाखवू?

मावशी : नको. ‘तू माझ्यावर पाळत ठेवतेस’ म्हणून कांगावा करेल. मग खुलासे तू देत बसशील आणि डोहाळजेवण राहील बाजूला. आईला दाखव, समुपदेशकाला दाखव. 2005 च्या कौटुंबिक हिंसाचाराच्या कायद्यात अपमान, हिणवणं, मानसिक छळ हेही येतं. 181 या महिला हेल्पलाइनवर फोन करता येतो. अंगाला हात लावला नाही म्हणून तक्रारच नाही, असं नसतं.

भाची : मला तक्रार करायची नाही. जायचं की राहायचं तेही ठरलेलं नाही.

मावशी : ते मी ठरवायला लागले तर त्याच्यात आणि माझ्यात फरक काय? एखाद्या लहानशा गोष्टीला नाही म्हणून बघ. काय होतं ते लिही.

भाची : शनिवारी त्याचे मित्र जेवायला यायचेत. मला विचारलेलंही नाही. मी त्या दिवशी ताईकडे जाते. आज रात्री सांगते त्याला.

मावशी : तोंडी नको. मेसेज कर.

भाची : एका घरात राहून मेसेज? हसेल तो.

मावशी : हसू दे. पाठव.