पदवी आणि माणूस

कोळगाव येथे पालघर जिल्ह्याचे मुख्यालय उभे राहिल्यापासून धर्मग्रामातील अनेकांच्या तिकडे खेपा होतात. दारांवर पाट्या दिसतात: जिल्हाधिकारी, पोलीस अधीक्षक, मुख्य कार्यकारी अधिकारी. त्या वाचताना आमच्या मनात प्रश्न येतो, पदवी ही कामाची की माणसाची?

प्राचीन मिसर देशातील अधिकारी कबरींच्या भिंतींवर पदव्यांच्या ओळी कोरून घेत: धान्यकोठारांचा अधीक्षक, राजलेखक, राजाच्या उजव्या बाजूचा पंखाधारी. मरणानंतरही पदवी सुटू नये, ही आस! आपल्याकडे वेगळे काय घडले? पाटील, कुळकर्णी, देशमुख ही मुळात कामांची नावे. ती वतने झाली, पुढे आडनावे झाली. काम गेले, नाव उरले.

मान जन्माने मिळू लागला की अवहेलनाही जन्माने मिळते. महार वतनात गावाची चाकरी पिढ्यानपिढ्या गळ्यात पडे. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२८ साली मुंबईच्या कायदेमंडळात या वतनाविषयी विधेयक मांडले. कुळकर्णी वतने १९५० च्या, तर कनिष्ठ गाववतने १९५८ च्या कायद्याने रद्द झाली. मनातील वतने मात्र कोणत्या कायद्याने रद्द व्हावीत?

आम्हीही यातून सुटलेलो नाही. एकदा भर दुपारी एक विधवा भगिनी आमच्या दाराशी तासभर ताटकळली. ‘फादर विश्रांती घेत आहेत’ असे तिला सांगण्यात आले होते. ‘फादर’ म्हणजे बाप. आणि बापाच्या दाराशी लेक उभी! त्या दिवशी आमची पदवी आम्हांसच बोचली.

पदव्या नकोतच, असे आमचे म्हणणे नाही. योसेफ मिसरचा प्रधान झाला, म्हणूनच सात वर्षांच्या दुष्काळात लोकांच्या मुखी अन्न पडले. पण त्याच अधिकारवस्त्रांमुळे भावांनी त्याला ओळखले नाही. बोलणेही दुभाष्यामार्फत झाले. अखेर त्याने सर्व सेवकांना बाहेर काढले आणि रडत रडत आपण त्यांचा भाऊ आहोत, हे सांगितले. पदाने धान्य दिले. समेट मात्र भावाने केला.

प्रभू येशूनेही शिष्यांचे पाय धुण्यापूर्वी अंगावरचे वस्त्र काढून ठेवले होते. वाचकहो, आपण साहेब असू, गुरुजी असू, धर्मगुरू असू; दाराशी कोणी उभे राहिले, तर पाटीमागचा भाऊ त्याला भेटतो का?