माथ्यावरचे काम

वृद्धांना विसावा द्यावा की काम? धर्मग्रामातील घरभेटींत एका आजोबांना आम्ही वर्षानुवर्षे सांगत आलो, "बाबा, आता बसा, जपमाळ करा." सांगताना वाटे, हा केवढा जिव्हाळा! परंतु हातचे खुरपे सोडायला लावताना आम्ही त्यांना काही विचारले होते काय?

येशूसंघीय फादर हर्मन बाखर १९२४ साली स्वित्झर्लंडमध्ये जन्मले, १९४८ साली भारतात आले, २०२१ साली निवर्तले. १९९३ मध्ये, सत्तरीला टेकले असता, त्यांनी क्रिस्पिनो लोबो यांच्यासह आपल्या नगर भागात 'वॉटरशेड ऑर्गनायझेशन ट्रस्ट' उभी केली. पाणलोटाचे काम माथ्याकडून पायथ्याकडे चालते: आधी डोंगरावर समतल चर, मग शेतांची बांधबंदिस्ती, शेवटी ओढ्यावरचे बंधारे. माथ्यावर खणणाऱ्याच्या वाट्याला मुरूम नि ऊन. पाणी चढते ते खालच्यांच्या विहिरींना. शिवाय मोकाट चराई व वृक्षतोड बंद. आजचा चारा सोडून उद्याच्या गवताची वाट पाहणे तरुणांनाही जड जाते. मग सत्तरीच्या माणसाने ते का आरंभावे? विश्रांतीचा हक्क तर त्यांनाही होताच.

गेल्या पावसाळ्यानंतर त्याच आजोबांनी चर्चच्या आवारातील झाडांची आळी, आम्हांला न विचारता, खुरपून ठेवली. 'बसा' हा शब्द आमच्या ओठांवर आला होता. आम्ही आत गेलो आणि झारी भरून आणली.