यादीत नसलेली जागा

पाहुणा येणार म्हटले की आपल्याकडे पहिली धावपळ झाडण्यासारवण्याची होते. ओसरी स्वच्छ होते, फाटकी वाकळ आतल्या खोलीत जाते, आणि घरात एखादा दारूडा चुलता असला तर त्याला त्या दिवसापुरते शेतावर धाडतात. पाहुण्यालाही हे ठाऊक असते, कारण त्याच्या घरीही तेच चालते. ह्याला कोणी खोटेपणा म्हणत नाही. ह्याला रीत म्हणतात. मीही आजवर रीतच म्हणत आलो होतो. परंतु गेल्या उन्हाळ्याच्या सुटीत नागासाकी नावाच्या जपानी बंदरात एका बाईंनी मला आपले शहर दिवसभर फिरवून दाखविले, आणि तेव्हापासून ही रीत कोठे संपते व खोटेपणा कोठे सुरू होतो, हा प्रश्न माझी पाठ सोडीत नाही.

वडीगोद्रीचा मास्तर नागासाकीला कसा पोहोचला, हे सांगितले पाहिजे. माझा पुतण्या तिकडे नोकरीला आहे. त्याने तिकीट पाठविले आणि एका दिवसासाठी केवळ आम्हा दोघांकरिता वाटाड्याही ठरविला. वाटाड्या म्हणजे साठी उलटलेल्या एक बाई होत्या. हातात छत्री, पिशवीत पाण्याची बाटली, आणि छापलेल्या कागदावर वेळांसकट ठिकाणांची यादी. त्यांचे इंग्रजी सावकाश होते म्हणून मला समजत होते. जेथे समजेना तेथे पुतण्या सांगत होता. त्यांचे दिवसाचे मोल ऐकून मी मनातल्या मनात त्याचे रुपये केले आणि गप्प बसलो.

पैसे देऊन क्षेत्र पाहण्याची चाल आपल्याला नवी नाही. नाशिक-त्र्यंबकेश्वराला उतरलो की उपाध्याय पुढे येतो, कुंड दाखवितो, देऊळ दाखवितो, दक्षिणा घेतो. पण तो आणखी एक गोष्ट करतो. तो जुनी वही उघडतो, आणि आपला पणजा कोणत्या साली येथे आला होता ते वाचून दाखवितो. आपण क्षेत्र पाहायला जातो आणि आपलेच नाव ऐकून परततो. त्या दिवशी माझेही असेच काहीसे झाले.

बाईंनी आधी देजिमा दाखविले. पंख्याच्या आकाराचे हे कृत्रिम बेट १६३६ साली पोर्तुगीजांसाठी पुरे झाले आणि १६४१ पासून दोनशेहून अधिक वर्षे तेथे डच व्यापारी राहिले. परवानगीशिवाय त्यांना पूल ओलांडता येत नसे. त्यांचा मुख्य शोगुनाच्या भेटीस एदोला, म्हणजे आजच्या टोकियोला, जाई तेव्हा दुभाषे आणि पहारेकरी त्याच्यासोबत असत. म्हणजे त्याने जपान पाहिला तो दुसऱ्याने दाखविला तेवढाच. आता भोवतालचा समुद्र बुजवला गेला आहे आणि देजिमा शहराच्या मध्यभागी बसले आहे. मी छत्रीमागून चालत होतो आणि त्या डचाची आठवण येऊन मला थोडे हसू आले.

दुपारी आम्ही उराकामी खोऱ्यात गेलो. ९ ऑगस्ट १९४५ रोजी सकाळी ११ वाजून २ मिनिटांनी येथे अणुबॉम्ब फुटला. खरे लक्ष्य कोकुरा शहर होते. तेथे नीट दिसेना म्हणून विमान इकडे वळले. त्या वर्षअखेरपर्यंत सुमारे ७४ हजार माणसे मेली. संग्रहालयात त्या मिनिटाला थांबलेले घड्याळ आहे. एका शाळकरी मुलीचा जेवणाचा डबा आहे. आतला भात कोळसा होऊन तसाच राहिला आहे. मी रोज शाळेत डबे उघडताना पाहतो. त्या डब्यापुढे मला फार वेळ उभे राहवले नाही.

बाई हे सारे शांतपणे सांगत होत्या. शांतता उद्यानातला १९५५ सालचा तो प्रचंड पुतळा त्यांनी दाखविला. त्याचा उजवा हात वर, संकट कोठून येते ते दाखवीत. डावा आडवा, शांततेसाठी पसरलेला. डोळे मृतांसाठी मिटलेले. जखमी पिढीतल्या लोकांनी १९५६ साली ह्याच शहरात आपली देशव्यापी संघटना उभारली आणि २०२४ साली तिला शांततेचे नोबेल मिळाले, हे सांगताना त्यांचा आवाज किंचित चढला. तो चढायलाच हवा होता.

पण मी पडलो इतिहास शिकविणारा. ऐकता ऐकता माझ्या ध्यानात आले की, डच व्यापाऱ्यांनंतर बाईंचा इतिहास एकदम ९ ऑगस्टला, अकरा वाजून दोन मिनिटांनी सुरू होतो. त्याआधी ह्या शहरात काय चालले होते? मी विचारले, "येथे लढाईचे सामान होत होते ना? कामावर कोण होते?" पुतण्याने माझा दंड धरला. "काका, इथे असे विचारत नाहीत."

बाई क्षणभर थांबल्या. मग त्यांनी छत्री मिटली आणि त्या यादी सोडून बोलू लागल्या. त्यांचे वडील तरुणपणी मित्सुबिशीच्या गोदीत होते. 'मुसाशी' नावाची अवाढव्य युद्धनौका तेथे बांधली गेली, तेव्हा गावाच्या दृष्टीस पडू नये म्हणून वाखाच्या दोरांचे भले मोठे पडदे विणून गोदीभोवती टांगले होते. १९४० च्या १ नोव्हेंबरला ती पाण्यात उतरली. पर्ल हार्बरवर टाकलेले पाणतीरही ह्याच शहरात बनलेले. पुढे माणसे कमी पडली तेव्हा कोरियातून हजारो माणसे आणली गेली, त्यांतली कित्येक जुलमाने. समुद्रातल्या हाशिमा बेटावर, कोळशाच्या खाणीतही ती राबली. २०१५ साली ह्या जागा जागतिक वारशाच्या यादीत गेल्या. कित्येकांना इच्छेविरुद्ध आणून राबविले गेले हे जपानने त्या वेळी मान्य केले. पण ही हकीगत जितकी सांगावयास हवी तितकी सांगितली जात नाही म्हणून २०२१ साली युनेस्कोच्या समितीने तीव्र खेद व्यक्त केला. "वडील पडद्याची गोष्ट रंगवून सांगायचे," बाई म्हणाल्या. "शेजारी काम करणाऱ्या कोरियन माणसांची गोष्ट त्यांनी कधीच सांगितली नाही."

मग त्यांनी आम्हांला स्फोटाच्या केंद्राजवळ, यादीत नसलेल्या एका जागी नेले. तेथे एक लहानसा स्मारकाचा दगड होता. बॉम्बने कोरियन माणसेही मेली. त्यांच्यासाठी हा दगड १९७९ साली काही नागासाकीकरांनी बसविला. मोठ्या पुतळ्यापुढे गर्दी होती. येथे आम्ही तिघेच. ज्यांना बळाने आणले तेच येथे जळाले, आणि त्यांची आठवण ठेवायला चौतीस वर्षे लागली!

ह्या शहरात असे बोलणे फुकट नव्हते, हेही बाईंनी सांगितले. १९८८ च्या डिसेंबरात महापौर हितोशी मोतोशिमा यांनी युद्धाच्या जबाबदारीत सम्राटाचाही वाटा आहे असे नगरसभेत म्हटले. १८ जानेवारी १९९० रोजी एका कडव्या राष्ट्रवाद्याने त्यांच्यावर मागून गोळी झाडली. ते वाचले, आणि १९९१ साली लोकांनी त्यांना पुन्हा निवडून दिले.

परतताना बाईंनी सहज विचारले, "तुमच्या भागात असे काही आहे का? पाहुण्याला दाखवीत नाही असे?"

मी म्हणालो, "नाही. आमच्याकडे आम्हीच सोसले."

हे बोललो आणि पुतण्याने माझ्याकडे पाहिले. तो काही बोलला नाही. पण आम्ही दोघेही मराठवाड्याचे होतो.

मीही वर्षातून एकदा वाटाड्या होतो. दर १७ सप्टेंबरला, मराठवाडा मुक्तिसंग्राम दिनी, झेंडावंदनानंतर मुलांपुढे मी बोलतो. निजामाचे राज्य, स्वामी रामानंद तीर्थ, गोविंदभाई श्रॉफ, लातुरात वकिली करणाऱ्या कासिम रझवीचे रझाकार, त्यांनी जाळलेली गावे, आणि १३ सप्टेंबर १९४८ ला आलेली भारतीय फौज. पाच दिवसांत निजाम शरण आला. टाळ्या होतात, खाऊ वाटतात. माझा इतिहास १७ सप्टेंबरला संपतो. बाईंचा ९ ऑगस्टला सुरू होत होता, एवढाच काय तो फरक.

१७ सप्टेंबरनंतर काय झाले, हे आमच्याकडे न सांगता सगळ्यांना ठाऊक असते. माझ्या आजीच्या माहेरी काही घरे त्या पावसाळ्यानंतर रिकामी झाली. पुढे त्यांचे दगड दुसऱ्यांच्या भिंतींत गेले. त्या बोळातून जाताना आजी पदर पुढे ओढून घेई. "इथे कोण राहत होते?" असे मी लहानपणी विचारले, तर ती म्हणाली, "पुढं चल." त्या वर्षाअखेरीस पंडित नेहरूंनी पाठविलेल्या पंडित सुंदरलाल यांच्या समितीने संस्थानात हिंडून अहवाल दिला. पोलीस कारवाईत आणि त्यानंतर कमीत कमी २७ ते ४० हजार माणसे मारली गेली असा तिचा अंदाज होता. मेलेले बहुतेक मुसलमान. सर्वांत अधिक हानी उस्मानाबाद, नांदेड, बीदर आणि गुलबर्गा ह्या जिल्ह्यांत झाली. हा अहवाल कित्येक दशके कपाटात होता. लोकांना तो पाहावयास मिळाल्याची बातमी २०१३ साली आली. म्हणजे मला ठाऊक नव्हते असे नाही. आजीचा पदर मला ठाऊक होता, अहवालही ठाऊक होता. आणि तरी मी त्या बाईंना "नाही" म्हणालो.

ही रीत झाली की खोटेपणा? ह्यावर मी पुष्कळ विचार केला. माझ्या अंगावरची जखम पाहुण्याला दाखवावी की झाकावी, हे ठरविण्याचा हक्क माझा आहे. माझे दारिद्र्य, माझ्या घरातले भांडण, माझ्या चुलत्याची दारू ही माझी आहेत. बाईंनी तो जळका डबा मला दाखविला नसता, तरी त्यांना कोणी दोष दिला नसता. उलट पैसे मोजले म्हणून दुसऱ्याचे दुःख पाहण्याचा हक्क मला मिळतो असे मी मानीत नाही. परंतु माझ्या हातून, किंवा माझ्या माणसांच्या हातून, दुसऱ्याला झालेली जखम माझी नव्हे. ती त्याची आहे. ती माझ्या घरात घडली म्हणून तिच्यावर पडदा टाकण्याचा अधिकार मला कोणी दिला? तेथे रीत संपते. 'झाकली मूठ सव्वा लाखाची' ही म्हण खरी. पण मुठीत दुसऱ्याचा ऐवज असेल तर तिला निराळे नाव आहे.

ह्यावर आक्षेप येतील, आणि ते खोटे नाहीत. पहिला असा की, एक जखम दाखविली की दुसरी हलकी होते. पाणतीर बनविणाऱ्या शहरावर बॉम्ब पडला तर काय बिघडले, असे म्हणणारी माणसे आहेत. तसेच रझाकारांचे अत्याचार आणि नंतरची कत्तल एकमेकांतून वजा करून हात झटकणारी माणसेही दोन्हीकडे आहेत. पण हा किराण्याचा हिशेब नव्हे. डबा नेणाऱ्या मुलीने पर्ल हार्बर पाहिलेही नव्हते. आजीच्या बोळातली बायकामुले रझाकार नव्हती. दोन दुःखांची बेरीजच होते, वजाबाकी होत नाही.

दुसरा आक्षेप मला अधिक अवघड वाटतो. गावात आज माणसे एकमेकांच्या सुखदुःखाला जातात, एका पाणवठ्यावर भेटतात. मग जुने उकरून मुलांच्या मनात विष कशाला कालवायचे? मीही वर्षानुवर्षे स्वतःला हेच सांगितले. पण नीट पाहिले तर माझ्या वर्गातल्या काही मुलांना ते घरी कळलेलेच असते. न कळलेली फक्त दुसरी मुले. म्हणजे माझ्या मौनाने विष थांबत नव्हते. एका बाकावरची दोन मुले फक्त दोन निरनिराळे इतिहास घेऊन बसत होती. आणि त्या अहवालात आणखी एक गोष्ट आहे. कित्येक हिंदूंनी जिवावर उदार होऊन, प्रसंगी जीव देऊन, मुसलमान शेजाऱ्यांना वाचविले, अशी नोंद समितीने केली आहे. कत्तल झाकली की ही माणसेही झाकली जातात. ज्यांचे नाव मुलांना मोठ्याने सांगावे अशी माणसे आपणच पुरून टाकतो.

ह्या वर्षी १७ सप्टेंबरला मी नेहमीचे भाषण केले. रझाकारांविषयीचा एक शब्दही कमी केला नाही. शेवटी चार वाक्ये वाढविली: फौज आल्यावर पुष्कळ निरपराध मुसलमान मारले गेले, मारणारे आपल्यातलेच होते, वाचविणारेही आपल्यातलेच होते, आणि हे तुमच्या गुरुजींनी आजवर तुम्हांला सांगितले नाही. चौथे वाक्य म्हणताना घसा कोरडा पडला. टाळ्या नेहमीपेक्षा कमी झाल्या. एक सहशिक्षक नंतर म्हणाले, "कशाला उकरून काढता गुरुजी?" त्यांचा हेतू वाईट नव्हता. मला चटकन उत्तर सुचले नाही, आणि खाऊ वाटायचा राहिला होता म्हणून मी तिकडे गेलो.

संध्याकाळी पुतण्याला फोन केला. त्या बाईंना एक निरोप द्यायला सांगितला: आमच्याकडेही अशी जागा आहे, त्या दिवशी मी नाही म्हणालो ते खोटे होते, आणि आपण कधी इकडे आलात, तर ती मी स्वतः दाखवीन.