भरपाई घेतली म्हणजे गुन्हा फिटला काय?

गेल्या सोयाबीनच्या हंगामांत आमच्या बुलढाणा जिल्ह्यांतील घाटाखालच्या एका गांवीं मळणीयंत्रांत सांपडून एक मजूर मरण पावला. यंत्राचा पट्टा उघडा आहे, त्यावर जाळी बसवा, असें मजुरांनीं मालकास पूर्वीं दोनदां सांगितलें होतें. तिसऱ्या दिवशीं मालक विधवेच्या दारीं आला. त्याच्यापाशीं पैसे होते आणि स्टँपाचा एक कागद होता. पैसे घ्यावे व फिर्याद देऊं नये, एवढाच त्या कागदाचा आशय. साक्षीदार म्हणून आमच्या उपदेशकास बोलाविलें. त्यानें आम्हांस विचारिलें, "पाळकसाहेब, सही केली तर मनाला टोंचणी, न केली तर तीन लेंकरें उपाशीं. काय करूं?"

प्रिय वाचकहो, हाच प्रश्न फार मोठ्या मापानें देशाच्या सर्वोच्च न्यायालयापुढेंही आला होता. १९८४ च्या डिसेंबरांत २ व ३ तारखांमधील रात्रीं भोपाळ येथें युनियन कार्बाइडच्या कारखान्यांतून विषारी वायु सुटला. भोपाळ कांहीं परका मुलूख नव्हे. जळगांव जामोदचे डोंगर ओलांडले कीं मध्यप्रदेशच लागतो. सरकारी मोजणीप्रमाणेंच ३,७८७ माणसें मेलीं. इतरांची मोजणी ह्याहून पुष्कळ मोठी आहे. १९८५ सालीं कायदा करून सरकारनें पीडितांच्या वतीनें दावा चालविण्याचा हक्क आपल्याकडे घेतला व ३३० कोटी डॉलर मागितले. १९८९ च्या फेब्रुवारींत ४७ कोटींवर तडजोड झाली, आणि तिच्याबरोबरच ह्या आपत्तीसंबंधींचे फौजदारी खटलेही न्यायालयानें रद्द केले. ज्यांचे डोळे गेले, ज्यांचीं मुलें गेलीं, त्यांस कोणी विचारिलें नाहीं. पुढें वांटप झालें तेव्हां बहुतेक जखमींच्या वांट्यास २५,००० रुपये आले.

लोकांनीं हें मानलें नाहीं. फेरविचाराचे अर्ज झाले, आणि ३ ऑक्टोबर १९९१ रोजीं त्याच न्यायालयानें रक्कम कायम ठेवून खटले पुनः उभे केले. ह्या निकालांत आम्हांस मोठें सत्य दिसतें. पीडितास द्यावयाचें देणें एक, आणि केल्या कर्माचा जबाब देणें दुसरें. पहिलें फेडल्यानें दुसरें आपोआप फिटत नाहीं. जबाब उशिराच मिळाला, आणि हलकाच. ७ जून २०१० रोजीं भारतीय अधिकाऱ्यांस दोन वर्षांची शिक्षा झाली; अमेरिकन मुख्याधिकारी वॉरेन अँडरसन हा तर भोपाळच्या न्यायासनापुढें उभा न राहतांच २०१४ सालीं वारला.

कोणी म्हणेल, प्रभूनें क्षमा शिकविली. मग फिर्याद कशाला? क्षमा ही त्या विधवेची आहे. ती तिनें आपल्या मनानें द्यावी. भुकेच्या धाकानें विकत घेतलेल्या सहीस क्षमा कसें म्हणावें? शिवाय अपराध तिच्या एकटीचा झाला नाहीं. त्याच उघड्या पट्ट्यापाशीं पुढच्या हंगामांत दुसरा मजूर उभा राहणार आहे.

येथें आमच्याविरुद्ध जाणारी एक गोष्ट लपवूं नये. मोशेच्या नियमशास्त्रांत मारक्या बैलाचें प्रकरण आहे. बैल मारका आहे असें सांगूनही धन्यानें तो बांधला नाहीं व माणूस मेला, तर धनी मरणदंडास पात्र. तरी त्यावर खंडणी बसवून त्याचा जीव सोडवितां येई. म्हणजे पैशास तेथें अगदींच मज्जाव नाहीं. परंतु क्रम पाहावा: आधीं धन्याचा दोष ठरे, मग खंडणी बसे. दोष ठरूंच नये म्हणून ती दिली जात नसे. आणि बुद्धिपुरस्सर खून करणाऱ्याकडून तर खंडणी घेण्याची मनाईच होती.

आम्हीं उपदेशकास कळविलें कीं, बाईनें पैसे अवश्य घ्यावे, ते तिचे हक्काचे आहेत. पैसे पोंचल्याची साधी पावती द्यावी, पण फिर्यादीचा शब्द असलेल्या कागदावर तूं साक्ष घालूं नकोस. अशा मृत्यूचा गुन्हा आपसांत मिटविण्याची मुभा कायद्यानेंही दिलेली नाहीं. दोन वेळ जेवणाऱ्या माणसानें असा सल्ला देणें सोपें आहे, हेंही आम्ही जाणतों.

मालक पैसे घेऊन परत गेला. बाईनें फिर्याद दिली. मंडळीनें तिच्या घरीं दोन पोतीं ज्वारी पोंचविली; ती उन्हाळा संपेपर्यंत पुरणार नाहीं.