अदृश्य ताऱ्याचा पाळक



यॉर्कशायरमधील थॉर्नहिल येथे जॉन मिचेल नावाचे पाळक होते. १७८३ मध्ये त्यांनी आपले मित्र हेन्री कॅव्हेंडिश यांना एक विलक्षण विचार कळविला : घनता सूर्याइतकीच, परंतु व्यास त्याच्या ५०० पट, असा तारा असेल तर त्याचा प्रकाशदेखील त्याच्या आकर्षणातून सुटणार नाही. तो दिसणार नाही. मात्र त्याच्याभोवती दुसरा तारा फिरत असेल, तर त्या भ्रमणावरून त्याचे अस्तित्व ओळखता येईल.

हा विचार पुढे दीर्घकाळ विस्मृतीत गेला. १९६३ मध्ये मार्टेन श्मिट यांनी ताऱ्यासारख्या दिसणाऱ्या एका बिंदूचे अंतर ताडले, तो दोन अब्ज प्रकाशवर्षांपलीकडे निघाला! एवढे तेज कोठून येते, हे तेव्हा कोणास सांगता येईना. आज आपण जाणतो की अशा सक्रिय दीर्घिकांच्या गाभ्यात प्रचंड कृष्णविवर असते. त्याकडे ओढला जाणारा वायू चकतीसारखा गरगरत घर्षणाने तापतो. ते तेज विवराचे नव्हे, त्याच्या कडेबाहेरच्या वायूचे. कन्या राशीतील एम ८७ या दीर्घिकेचे विवर साडेसहा अब्ज सूर्यांइतके जड आहे. त्याच्या सावलीचे चित्र १० एप्रिल २०१९ रोजी जगाने पाहिले.

आपल्या उपदेशांत कृष्णविवर हे पापाचे किंवा नरकाचे रूपक होऊन येते. मला ते रुचत नाही. उत्पत्तीच्या पहिल्या अध्यायात देवाने जे चांगले म्हणून पाहिले, त्यातून हे विवर वगळलेले नाही. दुसरा मोह अधिक घातक : विज्ञानाला जे उमगत नाही, तेथे देवाला बसवायचे. १९६३ मध्ये कोणी त्या तेजाच्या जागी देव बसविला असता, तर थोड्याच वर्षांत त्याला तेथून उठवावे लागले असते. महाविद्यालयात जाणारा तुमचा मुलगा ही उठाठेव पाहतो आणि एके रविवारी उपासनेला येत नाही. तुम्ही त्याच्या पुस्तकांना दोष देता. पुस्तके निर्दोष आहेत, बंधूंनो.

ईयोबाच्या ग्रंथाचा अडतिसावा अध्याय त्याच्यासह वाचा. वावटळीतून बोलणारा देव तेथे उत्तरे देत नाही. कृत्तिका आणि मृगशीर्ष यांविषयी प्रश्नच विचारतो. वैशाखातील रात्री चित्रा वर आली की दोघे गच्चीवर जा. शहराच्या दिव्यांपासून दूर, लहानशा दुर्बिणीतूनही एम ८७ धूसर ठिपक्यासारखी दिसते. साडेपाच कोटी वर्षांपूर्वी निघालेला तो प्रकाश आहे. मुलगा काही विचारील. लगेच उत्तर देऊ नका.