निर्घृणपणे

वृत्तपत्रांतून 'निर्घृणपणे खून' हा शब्दप्रयोग इतक्या वेळा वाचावयास मिळतो की, त्यातील क्रियाविशेषण आता डोळ्यांना जाणवेनासे झाले आहे. खून म्हटला की तो निर्घृणपणेच व्हावयाचा, अशी जणू भाषेचीच रूढी पडली आहे. परंतु हा शब्द क्षणभर हातात घेऊन उलटून पाहिला, तर त्याच्या पोटात एक चमत्कारिक विरोध दिसतो. मराठीत घृणा म्हणजे किळस, तिटकारा. मग निर्घृण म्हणजे ज्याला किळस वाटत नाही तो, असा अर्थ व्हावयास हवा होता. ज्याला कशाची किळस नाही तो मनुष्य निर्दय कसा ठरला?

उत्तर संस्कृतात सापडते. अमरकोशात करुणेचे पर्याय सांगताना घृणा हा शब्द कृपा, दया, अनुकंपा यांच्या पंक्तीस बसविला आहे. त्याच कोशाच्या नानार्थवर्गात मात्र त्याला जुगुप्सा असा दुसरा अर्थही दिलेला आहे. वेदवाङ्मयात हा शब्द उष्णता, प्रखर तेज या अर्थाने येतो, आणि धातुपाठात घृ धातूचे क्षरण व दीप्ती असे दोन्ही अर्थ नोंदलेले आहेत. उष्णतेने पदार्थ पाझरतो. अंतःकरण पाझरते ती घृणा. दुसऱ्याची जखम पाहून मनुष्याच्या आत काही तरी हलते. ते हलणे त्याला पुढे नेईल तर करुणा, मागे नेईल तर किळस. एकाच शब्दाला हे दोन्ही अर्थ याच कारणाने मिळाले असावेत. मराठीने पुढे किळस तेवढी जवळ ठेवली आणि करुणा गमावली. केवळ निर्घृण या नकारार्थी रूपात ती जुनी करुणा, कोणाच्या ध्यानीमनी नसता, टिकून राहिली. ज्याच्या आत काहीच हलत नाही, तो निर्घृण.

यावरून एक गोष्ट स्पष्ट होते. निर्घृणपणा म्हणजे द्वेष नव्हे. द्वेष्ट्याच्या मनात समोरच्या माणसाला मोठी जागा असते, ती वैराची असली तरी असते. निर्घृण मनुष्याच्या मनात ती जागाच नसते. त्यामुळे या क्रियाविशेषणाचा खरा उपयोग खुनापेक्षा इतरत्रच अधिक आहे. कचेरीच्या खिडकीशी तासभर उभ्या असलेल्या वृद्धेला मान वर न करता 'उद्या या' म्हणून सांगणारा कारकून खुनी नसतो, रागावलेलाही नसतो. त्याने नियमाविरुद्धही काही केलेले नसते. तरी त्याने ते कसे सांगितले, याचे उत्तर द्यावयाचे झाल्यास हाच शब्द आठवतो.

वेदान्तशास्त्रात या शब्दाने एक मोठा वाद उभा केला आहे. ब्रह्मसूत्रांच्या दुसऱ्या अध्यायाच्या पहिल्या पादात पूर्वपक्षी ईश्वरावर दोन आरोप ठेवतो : वैषम्य आणि नैर्घृण्य. कोणी सुखात लोळतो, कोणी जन्मतःच दुःखात पडतो, म्हणून ईश्वर पक्षपाती आहे. आणि तो सर्व प्रजेचा संहार करतो, म्हणून निर्घृण आहे. शंकराचार्यांनी यावर दिलेले समाधान प्रसिद्ध आहे. ईश्वर निरपेक्षपणे सृष्टी निर्माण करीत नाही. तो जीवांच्या कर्माची अपेक्षा ठेवून ती करतो. पाऊस साळीवर आणि जवावर सारखाच पडतो, परंतु साळ साळ होते आणि जव जव होतो. तो भेद बीजाचा, पावसाचा नव्हे.

शास्त्रार्थ येथे संपतो. अनर्थ मात्र येथूनच सुरू होतो. ईश्वराला निर्दोष ठरविण्यासाठी जी युक्ती सांगितली, ती माणसाने हळूच उचलून स्वतःच्या खिशात घातली. दारात उपाशी उभा असलेल्याकडे पाहून 'ज्याचे कर्म त्याच्यापाशी' असे म्हणणारा गृहस्थ आपण वेदान्त बोलत आहोत, असे समजतो. वस्तुतः तो ईश्वराच्या वकिलाचे शब्द चोरून आपल्या बचावासाठी वापरीत असतो. पर्जन्याचे कर्तृत्व साधारण कारणाचे आहे, म्हणून तो दोषमुक्त होतो. दारातला गृहस्थ साधारण कारण नाही. त्याच्यापुढे विशिष्ट माणूस उभा आहे, त्याच्या घरात विशिष्ट भाकरी आहे, आणि ती देणे वा न देणे हे त्याचे स्वतःचे कर्म आहे. कर्माचा सिद्धान्त मानावयाचाच असेल, तर त्या क्षणी त्या गृहस्थाला स्वतःच्या कर्माचा विचार करावयास हवा. समोरच्याच्या पूर्वकर्माचा हिशेब त्याच्याकडे सोपविलेला नाही. सोळाव्या अध्यायात दैवी संपत्तीची गणना करताना भगवंतांनी भूतांविषयी दया सांगितली आहे. तेथे कोणत्या भूतांविषयी, त्यांचे पूर्वाचरण कसे, अशी एकही अट जोडलेली नाही.

याहून अवघड प्रसंग निर्मम या शब्दाने उभा केला आहे. गीतेत हा शब्द चार ठिकाणी येतो, आणि चारही ठिकाणी तो स्तुतीचा आहे. दुसऱ्या अध्यायात शांती पावणारा पुरुष निर्मम आहे, तिसऱ्यात अर्जुनाला निर्मम होऊन लढावयास सांगितले आहे, बाराव्यात प्रिय भक्त निर्मम आहे, अठराव्यात ब्रह्मभावाला योग्य झालेला पुरुषही तसाच आहे. परंतु आजच्या हिंदीत निर्मम हत्या म्हणजे क्रूर हत्या, आणि 'निर्ममता से' म्हणजे मराठीतले निर्घृणपणे. बंगालीतही या शब्दाने हाच कठोर अर्थ धारण केला आहे. म्हणजे काशीत वा कलकत्त्यात सकाळी गीतापाठ करणारा मनुष्य ज्या शब्दाने भक्ताचे वर्णन म्हणतो, त्याच शब्दाने तो तासाभराने वृत्तपत्रातल्या मारेकऱ्याचे वर्णन वाचतो.

हे कसे घडले? व्याकरणाच्या दृष्टीने उत्तर सोपे आहे. संस्कृतात ममता म्हणजे माझेपणा, ही वस्तू माझी असा अभिमान. देशी भाषांत ममता म्हणजे माया, आईचा जिव्हाळा. मूळ शब्दाचा अर्थ सरकला, तशी त्याच्या अभावाची किंमतही उलटली. परंतु केवळ व्याकरणाने समाधान होत नाही. शब्दाचा अर्थ लोक बदलतात, आणि लोक उगाच बदलीत नाहीत. 'माझे' सोडल्याचा डौल मिरविणारी, पण त्याबरोबर दुसऱ्याचे दुःख ओळखण्याची शक्तीही सोडून बसलेली माणसे समाजाने पिढ्यान्‌पिढ्या पाहिली असतील. आजारी बायकोला टाकून तीर्थाला निघालेला विरक्त, मुलाच्या मरणाची वार्ता ऐकून डोळा न भिजविता तत्त्वज्ञान सांगणारा पंडित; अशांना लोकांनी तोंडावर काही म्हटले नसेल. भाषेने मात्र त्यांची साक्ष नोंदवून ठेवली, असे मानावयास जागा आहे.

आता बारावा अध्याय उघडून पाहावा. निर्मम हा शब्द तेथे एकटा आलेला नाही. त्याच श्लोकात, त्याच्या आधीच, भक्त कोणत्याही भूताचा द्वेष न करणारा, मित्रभावाने वागणारा आणि करुण असा सांगितला आहे; त्यानंतर निर्मम. हा क्रम ज्याने लक्षात ठेवला, त्याला निर्ममतेचा अर्थ चुकणार नाही. करुणेच्या आधी निर्ममता आली, तर ती पोकळ जागा होते. करुणेच्या मागून आली, तर ती करुणेच्या भोवतालचे कुंपण काढून टाकते. ज्ञानेश्वर महाराजांनी या ठिकाणी पाण्याचा दृष्टान्त योजला आहे : गाईची तहान भागवावी आणि वाघाला विष होऊन मारावे, हे पाण्याला ठाऊकच नसते. हे पाणी निर्मम आहे. तरी ते निर्घृण आहे, असे कोण म्हणेल? ते तर दोघांचीही तहान भागविते.

येथे शंका घेणारा म्हणेल की, पहिल्या अध्यायात अर्जुन करुणेनेच व्याकुळ झाला होता आणि भगवंतांनी तिला हृदयाचे दौर्बल्य म्हटले. मग गीतेने करुणेचा निषेधच केला की नाही? ही शंका खोटी नव्हे, आणि तिला झटकून टाकणारे भाष्यकार वाचकाचा विश्वास गमावतात. अर्जुनाच्या ठिकाणी कृपा होती, हे गीतेनेच सांगितले आहे. पण त्या अध्यायात त्याच्या तोंडी 'स्वजन' हा शब्द किती वेळा येतो, ते मोजून पाहावे. हाच धनुर्धर यापूर्वी अनेकांशी लढला होता. तेव्हा त्याच्या हातून गांडीव गळले नव्हते. समोर आजोबा, गुरू, बंधू दिसले, तेव्हा गळले. त्याची करुणा खरी होती, परंतु ती 'मम' या शब्दाच्या कुंपणात उगवलेली होती. गीतेने मागितले ते कुंपण. करुणा परत द्या, असे ती कोठेच म्हणत नाही; उलट सहाव्या अध्यायात स्वतःच्या उपमेने सर्वत्र सुखदुःख पाहणाऱ्याला ती परम योगी म्हणते. लोकमान्यांनी 1915 साली प्रसिद्ध झालेल्या 'गीतारहस्या'त या आत्मौपम्यबुद्धीला नीतिविचारात जे स्थान दिले, ते सर्वश्रुत आहे. युद्धाची अडचण एवढ्याने पूर्ण सुटते असे मात्र नाही. मारावयाचे आणि तरी करुण राहावयाचे, हे सांगणे सोपे आणि आचरणे दुष्कर आहे.

या दुष्करतेचे चित्र भवभूतीने उत्तररामचरिताच्या दुसऱ्या अंकात रेखाटले आहे. शंबूकावर शस्त्र चालविताना राम आपल्या उजव्या हाताशी बोलतो. गर्भभाराने थकलेल्या सीतेला घालवून देण्यात जो पटाईत ठरला, त्या हाताला करुणा कोठून असणार, असे तो हाताला विचारतो. त्या वधाचे समर्थन आज कोणी करू नये, आणि भवभूतीनेही ते सुखाने केलेले दिसत नाही. लक्षात घ्यावयाचे ते हे की, ज्या कर्मासाठी मनुष्याला आपल्याच हाताला निर्घृण हो म्हणून सांगावे लागते, त्या कर्माविषयी त्याचे अंतःकरण आधीच साक्ष देऊन चुकलेले असते. त्या रामाच्या आत अद्याप काही तरी हलत आहे. ज्यांच्या आत काहीच हलत नाही, त्यांना हाताशी बोलावे लागत नाही; कागद पुरतो.

अशा कागदाचे उदाहरण इतिहासात आहे. 1873-74 साली बिहारात दुष्काळ पडला, तेव्हा सर रिचर्ड टेंपल या अधिकाऱ्याने ब्रह्मदेशातून तांदूळ आणवून मुक्तहस्ताने वाटला. माणसे फार थोडी मेली. परंतु खर्च फार झाला म्हणून त्याच्यावर टीकेची झोड उठली. 1876-78 च्या दुष्काळात दक्षिणेत मद्रास व मुंबई इलाख्यांत पाहणीसाठी तोच टेंपल आला, तेव्हा त्याने दुष्काळी कामावरील धट्ट्याकट्ट्या पुरुषाला दिवसाचे एक पौंड धान्य आणि वर काही पैसे पुरेत, असे ठरविले. मद्रासचे आरोग्य अधिकारी कॉर्निश यांनी एवढ्या अन्नावर अंगमेहनत करणारा मनुष्य जगत नाही, असा विरोध नोंदविला. पुण्याच्या सार्वजनिक सभेने दुष्काळी भागातील हकीकती गोळा करून सरकारपुढे मांडल्या. मद्रासेत काही महिन्यांनी ते प्रमाण वाढवावे लागले. तोवर लोकांचे जे व्हावयाचे ते होऊन गेले होते. टेंपलला दक्षिणेतील शेतकऱ्याविषयी द्वेष होता, असे म्हणता येत नाही. त्याने तीन वर्षांपूर्वी हजारोंना जगविले होते. फक्त त्या वेळी त्याच्यापुढे माणसे होती, आणि या वेळी माणसांच्या आधी जमाखर्च होता. दोन्ही वेळा क्रियापद एकच : अन्न देणे.

तेव्हा प्रश्न शेवटी क्रियाविशेषणाचाच उरतो, आणि तो गीतेला अपरिचित नाही. सतराव्या अध्यायात दान तीन प्रकारचे सांगताना देणे ही क्रिया तिन्ही ठिकाणी कायम आहे. राजस दाता कष्टी होऊन देतो. तामस दाता असत्कृत आणि अवज्ञात असे देतो, म्हणजे सत्कार न करता, घेणाऱ्याचा अवमान करून. ही पदे दानाची विशेषणे मानावीत की देण्याच्या क्रियेची, असा पंडिती प्रश्न येथे काढता येईल. रूप दोन्ही पक्षी तेच राहते, आणि अर्थही फारसा ढळत नाही. तैत्तिरीय उपनिषदातील आचार्यही शिष्याला द्यावे एवढेच सांगून थांबत नाही. श्रद्धेने द्यावे, विनयाने द्यावे, अशी तृतीया विभक्तीची पदे तो एकामागून एक ठेवीत जातो. मराठीतला 'पणे' हा प्रत्यय तरी काय आहे? 'पण' या भावाची तृतीयाच. कोणत्या भावाने केले, हे तो सांगतो.

ज्ञानेश्वर महाराजांनी तेराव्या अध्यायात अहिंसेचे जे विस्तृत विवरण केले आहे, ते याच दृष्टीने वाचण्यासारखे आहे. मारू नये, एवढ्यावर त्यांनी अहिंसा संपविली नाही. अहिंसक पुरुष पाऊल कसे टाकतो, बोलतो कसे, पाहतो कसे, त्याचे हात कसे हलतात, याचे वर्णन त्यांनी केले आहे. केसर चुरगळेल या भीतीने भ्रमर कमळावर हलके पाय ठेवतो, तसे त्याचे चालणे. यज्ञात पशू मारून पाऊस मागणाऱ्यांच्या अहिंसेचा त्यांनी तेथेच उपहास केला आहे, हेही सोबत वाचावे.

राहता राहिला भाषांतरकार. हिंदीतून मराठीत काही उतरविताना 'निर्ममता से' हा प्रयोग समोर आला, तर अक्षरे तशीच ठेवून चालणार नाही. तेथे निर्घृणपणे असेच लिहिले पाहिजे, कारण मराठी वाचकाच्या कानात निर्मम या शब्दाला अद्याप गीतेचा नाद आहे. आणि गीतेवरील मराठी विवरण हिंदीत जाणार असेल, तर बाराव्या अध्यायातील निर्मम या पदाशी येताच त्याने एक वाक्य अधिक घालावे : हा तो पुरुष, ज्याने माझे सोडले आहे, माया नव्हे.