रेषेवरचा भार

'कॅरिकेचर' म्हटले की लांबवलेले नाक आणि पसरट केलेले कान आपल्या डोळ्यांपुढे येतात, आणि शब्दाचा अर्थ तेवढ्यातच संपला असे वाटते. परंतु ज्या इटालियन क्रियापदातून हा शब्द जन्मला त्या 'कारिकारे'मध्ये हसणेही नाही आणि वेडावणेही नाही. गाडीत माल भरावा, जनावराच्या पाठीवर ओझे चढवावे, बंदुकीत दारू ठासावी, या साऱ्यांना तिकडे हे एकच क्रियापद आहे, आणि त्याचा गाभा म्हणजे भार घालणे. सज्जनहो, हा शब्द मी कैक वर्षे मनात घोळवत आलो आहे, आणि युरोपातल्या त्या चित्रांपुढे जितका अधिक वेळ थांबावे तितके मला वाटत गेले की त्यांचे मर्म या भारातच आहे. म्हणून आज त्याचीच घडी सावकाश उलगडू या.

आधी, भार कुठून येतो ते पाहू. बोलोन्याचे आन्निबाले कार्राच्ची हे वेदीवरची गंभीर धर्मचित्रे रंगवणारे थोर चित्रकार, आणि तेच फुरसतीच्या वेळी माणसांचे चेहरे 'भारित' करून काढत. त्यांच्या रेखाटनांवरून कोरलेल्या चित्रांचा संग्रह १६४६ साली निघाला, त्याच्या प्रस्तावनेत मोझिनी यांनी हा शब्द नोंदवला आणि त्यामागचा विचारही सांगितला, तो असा की, निसर्ग स्वतःच एखाद्याला थोर नाक किंवा रुंद तोंड देऊन काही सुचवू पाहतो, आणि चित्रकार ती खूण ओळखून निसर्गाने अर्ध्यावर सोडलेले काम पुढे नेतो. म्हणजे हा भार चित्रकाराने बाहेरून आणून टाकलेला नाही. तो चेहऱ्यात होताच. आपल्या नजरेने त्याचे वजन घेतले नव्हते, एवढेच.

आता हाच भार चेहऱ्यावरून पदाकडे सरकतो. फ्रेंच भाषेत या शब्दाचा भाऊबंद 'शार्ज' आहे, आणि तिथे त्याचे अर्थ ओझे, घोडदळाची चाल, आरोप, अधिकारपद आणि व्यंगचित्र असे एकाच छताखाली नांदू लागले. मराठी माणसाला याचे नवल वाटू नये, कारण आपणही पदभार स्वीकारतो, कार्यभार सोपवतो; पद म्हणजे मुळात ओझेच, हे आपल्या भाषेने कधीच जाणलेले आहे. सेंट पीटर्सच्या प्रांगणाला स्तंभांचे बाहू देणारे बेर्निनी ऐंशीच्या घरात आले असता त्यांनी पोप अकरावे इनोसंट यांचे एक लहानसे रेखाटन केले, जे आज लाइपझिगच्या संग्रहालयात आहे. अंथरुणाला खिळलेला कृश म्हातारा, कीटकासारखी काटकुळी काया, आणि मस्तकावर तो प्रचंड मुकुट! आयुष्यभर ज्यांनी याच धर्मपीठाची सेवा केली त्यांच्या हातून उतरलेली ती रेषा श्रद्धेला कुठेही इजा करत नाही. एवढ्याशा देहावर केवढा पदभार आहे, हे ती निमूटपणे दाखवते. याच पोपना १९५६ साली चर्चने 'धन्य' पदवी दिली.

बेर्निनींच्या त्या रेखाटनाच्या सुमारे दीडशे वर्षे आधी, १५२१ साली, विटेनबर्गला ल्यूकस क्रानाख यांची लाकडी ठशांची चित्रमाला निघाली होती, जिच्यात डाव्या पानावर ख्रिस्ताचे आणि उजव्या पानावर पोपचे चरित्र समोरासमोर मांडले होते. त्यातली एक जोडी या निरूपणाच्या अगदी मध्यभागी बसते. एका चित्रात ख्रिस्त स्वतःच्या खांद्यावर क्रूस वाहतो आहे, आणि शेजारच्या चित्रात पोप इतरांच्या खांद्यांवरून वाहिला जातो आहे. इथे नाक वाढवलेले नाही, पोट फुगवलेले नाही. कोण वाहतो आणि कोणाला वाहिले जाते, एवढाच प्रश्न दोन पानांमध्ये ठेवला आहे. मला वाटते, पुढची तीन शतके युरोपचे व्यंगचित्र याच प्रश्नाभोवती फिरत राहिले.

लंडनचे जेम्स गिलरे यांचे कसब मी नाकारत नाही. २६ फेब्रुवारी १८०५ च्या त्यांच्या चित्रात ब्रिटनचे पंतप्रधान पिट आणि नेपोलियन पृथ्वीचे पुडिंग कापून घेतात, आणि त्यातला एवढुसा नेपोलियन आजही जगाच्या मनातून जात नाही. वजन काढून घेणे हीसुद्धा भार घालण्याचीच एक रीत आहे, हे त्यांनी दाखवले. परंतु १७९७ पासून त्यांना सरकार पक्षाकडून वेतन मिळू लागले, आणि माझ्या मते तेव्हापासून त्यांची रेषा प्रश्न विचारण्यापेक्षा शत्रूवर नेम धरण्यातच अधिक रमली.

पॅरिसमध्ये मात्र हा प्रश्न तुरुंगापर्यंत गेला. नोव्हेंबर १८३१ मध्ये राजा लुई-फिलिप यांच्या अवमानाबद्दल शार्ल फिलिपाँ न्यायालयात उभे राहिले आणि त्यांनी चार पायऱ्यांत राजाच्या चेहऱ्याचे नासपती फळ होताना दाखवले. पहिले चित्र दोषी असेल तर त्याच्यासारखे दिसणारे दुसरे, तिसरे आणि अखेर ते फळही दोषी ठरवावे लागेल, असा त्यांचा युक्तिवाद होता. सहा महिने कैद आणि दोन हजार फ्रँक दंड झाला, पण राजाचा भार आता एका साध्या फळाने उचलला होता, आणि पॅरिसच्या भिंतींवर मुलेसुद्धा ते फळ काढू लागली. पुढच्याच महिन्यात तेवीस वर्षांच्या ओनोरे दोमिए यांनी त्याच राजाला गार्गान्तुआ नावाच्या राक्षसाच्या रूपात बसवले, ज्याच्या जिभेपर्यंत एक लांब फळी लावली आहे आणि गरिबांच्या घामाचा पैसा टोपल्यांत भरून हमाल त्या फळीवरून वर चढत आहेत. पुन्हा तेच: कोण वाहतो? या चित्रापायी दोमिए यांनी सेंत-पेलाजीच्या तुरुंगात दिवस काढले.

आणि मग १५ एप्रिल १८३४. बंडाळीच्या धामधुमीत सैनिक पॅरिसच्या त्रान्स्नोनँ रस्त्यावरील १२ क्रमांकाच्या घरात घुसले आणि निःशस्त्र रहिवाशांना त्यांनी ठार केले. दोमिए यांनी त्यावर केलेल्या शिळाछाप चित्रात काहीच भारित केलेले नाही. अस्ताव्यस्त बिछाना, त्याच्या कडेला टेकून जमिनीवर निपचित पडलेला रात्रीच्या सदऱ्यातला बाप, आणि त्याच्या देहाखाली चिरडलेले त्याचे तान्हे मूल. ज्या शब्दाचे पदर आपण एकेक करून सोडवत आलो तो इथे आपल्या मूळ, उघड्या अर्थाला येऊन पोचतो, कारण इथला भार हा खरोखरीचा, एका मृत पित्याच्या शरीराचा आपल्या बाळावर पडलेला भार आहे, आणि तो ज्यांनी घातला ते चित्रात कुठेच नाहीत. चित्रकाराने स्वतःहून तसूभर वजन वाढवले असते तर हे चित्र हलके झाले असते, असे मला प्रत्येक वेळी वाटते. पोलिसांनी ती शिळा आणि हाती लागलेल्या प्रती जप्त केल्या.

रेषेचे हे वजन अखेर राज्यानेच मान्य केले. सप्टेंबर १८३५ च्या कायद्याने प्रत्येक चित्राला छापण्याआधी परवानगी घेण्याचे बंधन घातले, लिखित शब्दाला नाही; लेखन हे मत आहे, पण चित्र थेट डोळ्यांशी बोलते म्हणून ती कृती आहे, अशी त्यामागची भूमिका होती. हे बंधन मध्यंतरी उठले, पुन्हा लादले गेले, आणि २९ जुलै १८८१ च्या कायद्याने कायमचे गेले. दोमिए तोवर हयात नव्हते. दृष्टी जवळजवळ गेलेल्या अवस्थेत फेब्रुवारी १८७९ मध्ये वाल्मोंद्वा या गावी त्यांनी देह ठेवला होता. मागे सुमारे चार हजार शिळाछाप चित्रे उरली.